अथेन्सहून एका दिवसात: गाईडकडून नेमकं काय मागायचं?

अथेन्समधून सकाळी सुटणाऱ्या सहलींच्या बसगाड्यांचा एक मार्ग जवळजवळ ठरून गेलेला आहे. साधारण ऐंशी किलोमीटरवर कॉरिंथचा कालवा, तिथं फोटोपुरता थांबा, मग मायसीनीची टेकडी, दुपारी नाफ्लिओ या बंदराच्या गावात फेरफटका किंवा जेवण, एपिडॉरसचं नाट्यगृह, आणि संध्याकाळी परत अथेन्स. ज्यांच्या हाती ग्रीससाठी दोन-चारच दिवस असतात, त्यांना प्राचीन ग्रीस बघायचा हा सोयीचा मार्ग वाटतो. स्वतःला जाणकार म्हणवणारे प्रवासी मात्र या प्रकाराला नाकं मुरडतात. गाईडच्या उंचावलेल्या छत्रीमागे चाळीस माणसांनी चालायचं, कानातल्या यंत्रातून येणारी ठरावीक कॅसेट ऐकायची, घड्याळाकडे बघत बसमध्ये चढायचं. हे बघणं कसलं, हे तर पाट्या टाकणं झालं, असं त्यांचं म्हणणं. तक्रारीत तथ्य आहे, पण तिचा रोख चुकलेला आहे. वेळ कमी पडतो हे खरंच. पण या जागांवर एकट्यानं दिवसभर फिरलं तरी जी गोष्ट डोळ्यांना दिसणार नाही ती म्हणजे काळ, आणि तो उलगडून दाखवणारा माणूस सोबत असेल तर दीड तासही पुरतो. प्रश्न एवढाच, की गाईड ते करतो का आणि आपण त्याच्याकडून ते मागतो का.

मायसीनीला वाहनतळापासून थोडं चढून गेलं की सिंहद्वार समोर येतं. चौकटीवरची आडवी शिळा सुमारे वीस टनांची. तिच्यावर त्रिकोणी पोकळी सोडलेली आणि त्या पोकळीत शिल्पपट बसवलेला: मधे खांब, दोन्ही बाजूंना पुढचे पाय टेकवून उभे दोन प्राणी. त्यांची डोकी गायब आहेत, कारण ती वेगळी घडवून जोडलेली होती; जोडाच्या खुंट्यांची भोकं मानेपाशी अजून आहेत. त्रिकोण शोभेसाठी ठेवला असेल असं वाटतं, पण वरच्या भिंतीचा भार शिळेच्या मधोमध न पडता दोन्ही बाजूंच्या उभ्या दगडांवर उतरावा म्हणून केलेली ती गवंड्याची युक्ती आहे. इतपत माहिती कुठलंही पुस्तक देईल. खरा गुंता द्वार ओलांडल्यावर सुरू होतो. हे द्वार इ.स.पू. 1250च्या आसपासचं. आत शिरताच उजव्या हाताला जी दफनभूमी लागते ती त्याहून निदान अडीचशे-तीनशे वर्षं जुनी. माथ्यावर राजवाड्याचे पाये आणि त्यांच्यावर पुढच्या काळातल्या एका मंदिराच्या खुणा. तटाबाहेर, दंतकथेतल्या क्लायटेम्नेस्ट्रा राणीच्या नावानं ओळखल्या जाणाऱ्या थडग्याच्या वाटेवरच हेलेनिस्टिक, म्हणजे अलेक्झांडरनंतरच्या, काळातल्या लोकांनी आपलं नाट्यगृह बांधून टाकलं. खाली थडगं आहे हे त्यांच्या गावीही नसावं. हजार-बाराशे वर्षांचा ऐवज एकाच उतारावर, साधारण एकाच करड्या रंगाच्या दगडात पडलेला आहे. नवख्या माणसाला ते सगळं 'प्राचीन' या एकाच खात्यात जमा झालेलं दिसतं. खरं तर इ.स.पू. 480 मध्ये थर्मोपिलीच्या खिंडीत पर्शियनांविरुद्ध मायसीनीची ऐंशी माणसं उभी होती, असं ग्रीक इतिहासकार हिरोडोटस नोंदवतो. त्या माणसांसाठीही सिंहद्वार ही पावणेआठशे वर्षांपूर्वीची, दंतकथेतल्या राजांची वास्तू होती. पुढं बारा वर्षांत शेजारच्या आर्गोसनं त्यांचं गाव उद्ध्वस्त केलं.

त्या दफनभूमीपाशी थोडं रेंगाळलं पाहिजे, कारण माझा मुद्दा तिथं सर्वांत स्पष्ट होतो. हाइन्‍रिश श्लीमान या जर्मन व्यापाऱ्यानं 1876 मध्ये इथं खणायला घेतलं ते पॉसेनियस या इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातल्या प्रवाशाच्या भरवशावर. ट्रॉयच्या युद्धातला ग्रीकांचा सेनानायक, मायसीनीचा राजा अॅगमेम्नॉन आणि त्याच्यासोबत मारले गेलेले लोक तटाच्या आत पुरले आहेत, तर त्याच्या खुनी पत्नीला, क्लायटेम्नेस्ट्राला, आणि तिच्या प्रियकराला तटाबाहेर जागा दिली, असं पॉसेनियसनं लिहून ठेवलं होतं. इतर विद्वान हा तट म्हणजे खालच्या शहराचा तट समजत. श्लीमाननं बालेकिल्ल्याचा तट धरला आणि त्याला सोन्यानं भरलेली थडगी सापडली. ग्रीसच्या राजाला त्यानं तार केली. 'मी अॅगमेम्नॉनच्या चेहऱ्याकडे पाहिलं' या अर्थाचं वाक्य त्याच्या तोंडी घातलं जातं, पण ते त्या रूपात तारेत नाही. शिवाय ज्या सोन्याच्या मुखवट्याला आज अॅगमेम्नॉनचं नाव चिकटलं आहे तो इ.स.पू. सोळाव्या शतकातला आहे. प्राचीन ग्रीकांनीच ट्रॉयच्या युद्धाची जी कालगणना केली ती इ.स.पू. 1184च्या आसपास येते. म्हणजे मुखवट्याखालचा माणूस कुणीही असो, तो अॅगमेम्नॉन असू शकत नाही. आता जागेवरचा बारकावा बघा. आज पर्यटक ज्या उभ्या फरशांच्या दुहेरी कड्याचे फोटो काढतात ते कडं थडग्यांच्या काळातलं नाहीच. थडगी खोदली तेव्हा ही जागा तटाबाहेर होती. इ.स.पू. तेराव्या शतकात राजांनी तट पुढं सरकवून ती आत घेतली, जमिनीची पातळी उंचावली आणि सुमारे सत्तावीस मीटर व्यासाचं हे कुंपण घातलं. आपल्यापेक्षा तीनशे वर्षं जुन्या पूर्वजांची त्यांनी केलेली ती व्यवस्था होती. म्हणजे मायसीनीत वारसा जपण्याची पहिली मोहीम खुद्द मायसीनीकरांनीच काढली होती! हे कुणी बोटानं दाखवलं नाही, तर डोळ्यांना दिसतं ते फक्त दगडांचं एक रिंगण. ज्या सोन्याची कथा ऐकून लोक येतात ते सोनं अथेन्सच्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात आहे. आणि श्लीमानच्या घाईला आवर घालायला धडपडणारा, वरचे थर न नोंदवता उपसू नका म्हणून त्याच्याशी रोज भांडणारा सरकारी देखरेख अधिकारी पानायोटिस स्टामाटाकिस याचं नाव किती बसमध्ये निघतं, कुणास ठाऊक. सहावं थडगं त्यानं शोधलं.

टेकडीखालच्या 'अॅट्रियसच्या खजिन्या'ची गोष्टही याच जातीची. छत्तीस मीटर लांबीची, दोन्ही बाजूंनी दगडी भिंतींची वाट. तिच्या टोकाला दार. दारावर एकशेवीस टनांच्या घरातली शिळा. आणि आत साडेतेरा मीटर उंच, मधमाशांच्या पोळ्याच्या आकाराचा घुमट. प्रत्येक थर खालच्यापेक्षा किंचित आत सरकवत नेऊन तो मिटवला आहे. खरी कमान इथं कुठंच नाही. हा खजिना नव्हता, थडगं होतं. त्याचा अॅट्रियसशी, म्हणजे अॅगमेम्नॉनच्या बापाशी, संबंध जोडणारा एकही पुरावा नाही. नाव पॉसेनियसच्याही आधीपासून लोकांच्या तोंडी होतं. नाशिककरांना याचं नवल वाटू नये. तिथल्या बौद्ध लेण्यांना आपण पांडवलेणी म्हणतो, आणि त्यातल्याच एका लेण्यातला शिलालेख मात्र सांगतो की ते इंद्राग्निदत्त नावाच्या, उत्तरेकडच्या दत्तामित्री गावच्या 'योनक' माणसानं, म्हणजे बहुधा ग्रीक वंशाच्या दात्यानं, खोदवलं. मोठं काम दिसलं की ते महाकाव्यातल्या माणसाच्या नावावर लिहायचं, ही खोड दोन्हीकडची. मायसीनीत तर तटाच्या अवाढव्य दगडांचं श्रेय सायक्लॉप्स या एकाक्ष राक्षसांना दिलं गेलं, आणि अशा बांधणीला पुरातत्त्वज्ञ आजही त्यांच्याच नावानं ओळखतात. महाकाव्याबाहेरची मायसीनी कशी होती हे बघायचं तर मातीच्या लहानशा पाट्यांकडे वळावं लागतं. त्यांवरची लिनिअर बी लिपी मायकेल व्हेंट्रिस या इंग्रज वास्तुविशारदानं 1952 मध्ये उलगडली. तटाबाहेरच्या घरांत सापडलेल्या पाट्यांवर कोण कुणाशी लढलं याचा उल्लेखही नाही. धने, जिरे, बडीशेप, तीळ, पुदिना यांचे हिशेब आहेत. लोकर आहे, तेल आहे. दिवाणजींच्या चोपड्या म्हणा ना. मला विचाराल तर सिंहद्वारासमोर ट्रोजन युद्धाची गोष्ट रंगवून सांगण्यापेक्षा ही मसाल्याची यादी वाचून दाखवणारा गाईड अधिक कामाचा.

इथं पहिला आक्षेप उभा राहतो, आणि तो वजनदार आहे: गाईड तर गोष्टीच सांगतात, पुरावे कोण सांगतं? गर्दीला मसाला हवा असतो आणि तो पुरवला की धंदा चालतो. हा आक्षेप आजचा नाही. पॉसेनियसनंच आर्गोसच्या स्थानिक गाईडांबद्दल लिहिलं आहे की आपण सांगतो ते सगळं खरं नाही हे त्यांना ठाऊक आहे, पण लोकांची मतं बदलणं सोपं नसल्यानं ते तेच सांगत राहतात. प्लुटार्क डेल्फीला पुजारी होता. त्याच्या एका संवादात पाहुणे विनवण्या करतात की आता आवरा, आणि गाईड आपली पाठ केलेली वर्णनं पूर्ण केल्याशिवाय थांबत नाहीत. दोन हजार वर्षांत हा पेशा फारसा बदललेला दिसत नाही! पण या दाखल्यांची दुसरी बाजू बघा. त्याच बडबड्या स्थानिकांकडून पॉसेनियसनं जे टिपून घेतलं, त्यातल्या एका वाक्यावरून श्लीमाननं कुदळ मारली. ऐकीव गोष्ट इतिहास म्हणून खोटी असूनही जागेबद्दल खरी असू शकते. म्हणून दंतकथा गाळून टाकणारा कोरडा गाईड हा यावरचा उपाय नव्हे. प्राचीन ग्रीकांनाही या टेकडीवर होमरच खेचून आणत होता, तेव्हा अॅगमेम्नॉनला बाहेर ठेवून मायसीनी सांगणं हेही अर्धवटच. कथा कुठं संपते आणि पुरावा कुठं सुरू होतो तो सांधा दाखवावा, एवढीच अपेक्षा. ग्रीसमध्ये पुरातत्त्वीय स्थळी गाईडचं काम करायला सरकारी परवाना लागतो आणि त्यासाठी रीतसर शिक्षण घ्यावं लागतं, त्यामुळे बहुतेकांना हा सांधा ठाऊक असतो. तो ऐकण्यात रस आहे असं समोरून कळत नाही, म्हणून राहून जातो. 'हे कशावरून ठरवलं?' एवढा एक प्रश्न कुणी विचारला, की कॅसेट बंद पडते आणि गाईड बोलू लागतो.

एपिडॉरसला याची परीक्षाच होते. इ.स.पू. चौथ्या शतकाच्या अखेरीचं हे नाट्यगृह. बैठकांच्या पंचावन्न रांगा, त्यांपैकी वरच्या एकवीस नंतर वाढवल्या असं बरेच अभ्यासक मानतात. गाईड मधल्या गोल रंगभूमीवर उभा राहतो, लोकांना सगळ्यात वरच्या रांगेत पाठवतो, मग नाणं टाकतो, कागद फाडतो, काडी ओढतो, कुजबुजतो. वरचे लोक हात वर करून ऐकू आल्याची खूण करतात आणि टाळ्या पडतात. 2007 मध्ये अमेरिकेतल्या जॉर्जिया टेकच्या संशोधकांनी यामागचं एक कारण मांडलं: दगडी पायऱ्यांची रचना सुमारे 500 हर्ट्झखालचे आवाज, म्हणजे गर्दीची घरघर आणि वाऱ्याचा गुणगुणाट, दाबते आणि वरच्या पट्टीतले आवाज परतवते. इथपर्यंत गाईड खूश. पण 2017 मध्ये नेदरलँड्समधल्या आइंडहोवेन विद्यापीठाच्या चमूनं रिकाम्या नाट्यगृहात शेकडो जागी प्रत्यक्ष मोजमाप केलं, तेव्हा चित्र जरा बदललं. नाण्याचा किंवा कागदाचा आवाज सगळीकडे जाणवू शकतो, पण तो कशाचा हे निम्म्या रांगांपर्यंतच ओळखता येतं. कुजबुज समजते ती फक्त पुढच्या रांगांत. ग्रीसमध्ये या निष्कर्षांवर नाराजी उमटली आणि काही तज्ज्ञांनी ते अमान्यही केले. त्यातला एक मुद्दा रास्त आहे. रंगभूमीमागची दुमजली इमारत आज पायापुरतीच उरली आहे, बैठकांचे दगड झिजलेले आहेत, आणि प्राचीन नट मुखवटे घालून, कमावलेल्या आवाजात बोलत. कुजबुजण्याचा प्रश्नच नव्हता. म्हणजे नाणं टाकून आपण जे तपासतो ते एका मोडक्या वास्तूचं ध्वनिशास्त्र. नटाचा सरळ फेकलेला आवाज मात्र आजही पोचतो. 1938 मध्ये इथं सोफोक्लिसची 'इलेक्ट्रा' खेळली गेली, 1960 मध्ये ऑपेरागायिका मारिया कॅलस गायली, आणि उन्हाळी महोत्सव अजून चालू आहे. हे सगळं सांगायला पाच मिनिटं लागतात. नाण्याचा खेळ करा, त्यात गंमत आहेच. पण त्याला ही पाच मिनिटं जोडली नाहीत तर ती जादूगाराची फेरी झाली.

गंमत अशी की एपिडॉरसला प्राचीन काळी माणसं नाटकासाठी येत नसत. ती यायची आजारी पडल्यावर. नाट्यगृह हे अॅस्क्लेपियस या वैद्यदेवाच्या मोठ्या तीर्थस्थानाचं एक अंग होतं, आणि ते तीर्थस्थान झाडांपलीकडे चालत गेलं की पाच मिनिटांवर आहे. तिथं भक्त एका ओवरीत रात्री झोपायचे. देव स्वप्नात येऊन बरं करतो किंवा उपाय सांगतो अशी श्रद्धा. बरं झालेल्यांच्या हकिगती देवळानं दगडी पाट्यांवर कोरून लावल्या होत्या. पॉसेनियसनं अशा सहा पाट्या पाहिल्या. उत्खननात त्यांतल्या काही सापडल्या आणि त्यांवरून सत्तरएक प्रकरणं वाचता येतात. एका माणसाची बोटं लुळी पडलेली. तो पाट्या वाचून हसला, याच्यावर कोण विश्वास ठेवणार म्हणाला. देवानं त्याला बरं केलं आणि वर 'अविश्वासू' हे नाव चिकटवलं. अथेन्सच्या एका एकाक्ष बाईलाही, लंगडे-आंधळे नुसत्या स्वप्नानं कसे बरे होतील, असं हसू आलं. तिचा डोळा देवानं बरा केला, पण अज्ञानाची आठवण म्हणून तिनं चांदीचं डुक्कर वाहावं अशी अट घातली. शंकेखोर यात्रेकरूंचा बंदोबस्त देवळानं आधीच करून ठेवला होता! या पाट्यांचे तुकडे तिथल्याच छोट्या संग्रहालयात आहेत. बहुतेक सहली नाट्यगृहावरून परत वळतात. मला ही या मार्गावरची सर्वांत मोठी चूक वाटते, वेळेच्या टंचाईपेक्षाही मोठी.

मग फोन का नको? हा दुसरा आक्षेप, आणि तो तरुण वाचकांच्या ओठावर असणार. कानात ध्वनिफीत, हातात नकाशा, पडद्यावर पुनर्रचनेचं त्रिमित चित्र. गाईडचे पैसे वाचतात आणि घोळक्यातून सुटका होते. माहितीच्या बाबतीत फोन गाईडला हरवेल, यात वाद नाही. पण या जागांची अडचण माहितीच्या अभावाची कधीच नव्हती. डोळ्यांसमोरच्या चार दगडांपैकी कोणता कोणत्या शतकाचा, आणि त्यातला कोणता विसाव्या शतकात पुन्हा उभा केलेला, हे त्याच कोनातून बघत दाखवावं लागतं. अथेन्सच्या अॅक्रोपोलिसवरही हेच. पार्थेनॉनमधले नव्या संगमरवराचे पांढरेफटक तुकडे आणि जुने पिवळट दगड यांचा फरक एकदा दाखवला, की तिथली इमारत इ.स.पू. 447 साली सुरू झालेली नि आजतागायत चालू असलेली एक बांधणी वाटू लागते. गंजून दगड फोडणारे आधीच्या डागडुजीतले लोखंडी आकडे काढण्यासाठी 1975 पासून तिथं काम चाललं आहे. फोन हे सांगेल. आपण चुकीच्या खांबाकडे बघत असलो तर तो टोकणार नाही.

घाईचा आक्षेप मी शेवटी ठेवला कारण त्याला अर्धं उत्तर आहे. एका दिवसात मायसीनी 'बघून' होत नाही, हे मान्य. पण मायसीनी आणि एपिडॉरस एकाच दिवशी बघण्यात जो फायदा आहे तो दोन स्वतंत्र निवांत भेटींत मिळत नाही. सकाळी ज्या दगडांत कमान नाही, सार्वजनिक जागा नाही, सगळा जोर तटावर आणि राजाच्या थडग्यावर, तिथून निघून दुपारी हजारो सामान्य माणसांना एकत्र बसवण्यासाठी कोरलेल्या डोंगराच्या कुशीत यायचं. मधल्या नऊशे वर्षांत काय घडलं हा प्रश्न बसमध्ये आपोआप पडतो. दोन्ही जागा 'प्राचीन ग्रीस' याच नावाखाली विकल्या जातात, हे तेव्हा खटकू लागतं. कॉरिंथच्या कालव्याला मात्र गाईडची गरज नाही. रोमन सम्राट निरोनं इ.स. 67 मध्ये खणायला घेतला, 1893 मध्ये खुला झाला, साधारण सव्वासहा किलोमीटर लांब. पुलावरून खाली वाकून बघितलं की काम झालं. उन्हाचा प्रश्न खरा आहे. मायसीनीच्या उतारावर सावली जवळजवळ नाही, आणि गेल्या काही उन्हाळ्यांत उष्णतेच्या लाटांमुळे खुद्द अॅक्रोपोलिस भर दुपारी बंद ठेवावं लागलं. जुलै-ऑगस्टमध्ये जाणाऱ्यांनी मायसीनी सकाळी असलेलीच सहल घ्यावी.

वेळ काढायचा तर तो कुठून, हेही सांगतो. काही सहलींत मातीची भांडी किंवा दागिने विकणाऱ्या कार्यशाळेचा थांबा असतो. तो अर्धा-पाऊण तास खातो. त्याच वेळात टिरिन्स होऊ शकतं. आर्गोसहून नाफ्लिओला जाणाऱ्या रस्त्याला अगदी लागून, आठ मीटरपर्यंत जाडीच्या तटाचा हा मायसीनीच्याच काळातला किल्ला. युनेस्कोनं 1999 मध्ये दोघांना एकत्रच जागतिक वारशात घेतलं. बसगाड्या बहुधा त्याच्या अंगावरून निघून जातात. आरक्षण करताना तीन गोष्टी विचारता येतात: गाईड परवानाधारक आहे का, मायसीनीच्या संग्रहालयासाठी वेळ धरला आहे का, आणि एपिडॉरसला नाट्यगृहापलीकडे नेतात का. तिसऱ्या प्रश्नाला 'वेळ उरला तर' असं उत्तर मिळालं, तर तो उरत नाही असं समजून चालावं आणि दुसऱ्या सहलीची चौकशी करावी.